नावांचा ताळेबंद

आमच्या धाकट्या भावाला मुलगा झाला आणि घरातले प्रत्येक माणूस आपापल्या कामाला लागले. आई डिंकाच्या लाडवांना लागली, बहीण आत्या झाल्यामुळे साडीच्या चौकशीला लागली, आणि मी बँकेतून येऊन चपला काढतो न काढतो तोच भावजयीने माझ्या हातात एक वहीचा कागद ठेवला. त्यावर तेवीस नावे होती.

"दादा, तुम्ही बँकेत टॅली करता ना? ह्यांचे अर्थ बरोबर आहेत का तेवढं बघून द्या."

गेली वीस वर्षे मी बँकेत कारकून आहे. आता सारे हिशेब संगणकच जुळवतो आणि आम्ही फक्त तो जुळला म्हणून सही करतो, हे मी घरात कधी बोललेलो नाही. शिवाय मी बी. कॉम. संस्कृतशी माझा संबंध दहावीपर्यंतचा, आणि तोही मार्क चांगले पडतात एवढ्याच कारणाने. पण एखाद्याने विश्वासाने तपासणीला कागद दिला की "आज नाही, उद्या या" म्हणणे मला फक्त काउंटरवर जमते, घरी जमत नाही.

यादी उतरवली होती ती बाळांच्या नावांच्या एका पुस्तकावरून. किंमत साठ रुपये, नावे पाच हजार. जगातल्या पाच हजार नावांचा पत्ता सांगणाऱ्या त्या पुस्तकावर लेखकाचे नाव मात्र कुठेच नव्हते. मला तिथेच शंका यायला हवी होती. भावजयीच्या आईने असलेच दुसरे एक पुस्तक आणले होते, आणि दोन्ही पुस्तके एकमेकांशी शब्दन् शब्द जुळत होती. घरच्यांना वाटले, म्हणजे अर्थ बरोबरच असणार. पण दोन लेजरांत एकच चूक एकाच जागी सापडली तर त्याला कुणी ताळा म्हणत नाही. एकाने दुसऱ्याचे उतरवले, असे म्हणतात.

घाई नव्हती. जन्माची नोंद एकवीस दिवसांत व्हावी लागते, पण नाव मागाहून बारा महिन्यांपर्यंत फुकट घालता येते. १९६९ च्या कायद्यावर बसवलेल्या नियमांत ही सवलत आहे. सरकारने नागरिकाला विचार करायला अख्खे वर्ष दिलेले माझ्या पाहण्यात हे एकमेव उदाहरण. तेव्हा बँकेला सुट्टी असणारे दुसरा आणि चौथा असे दोन शनिवार मी वाचनालयात घालवायचे ठरवले. वहीत चार रकाने आखले : नाव, पुस्तकातला अर्थ, कोशातला अर्थ, फरक.

पहिलेच नाव 'आरव'. भावजयीच्या यादीत त्याच्याखाली दोनदा रेघ मारलेली. पुस्तक म्हणे : 'आरव – संस्कृत – शांत'.

वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत कोश उघडला. हे फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य. कोश १८९० चा. त्यात आरव म्हणजे आवाज, ओरड, आक्रोश. चष्मा पुसून पुन्हा पाहिले. आक्रोशच. मग डोक्यात प्रकाश पडला की ह्यासाठी आपट्यांना उठवायची गरजच नव्हती. कोंबडा काय करतो? आरवतो. लहानपणापासून आपण हे क्रियापद वापरतो, पण दुपट्यात गुंडाळलेले बाळ पुढ्यात आले की कोंबडा आठवत नाही. आता 'शांत' आले कुठून? 'रव' म्हणजे आवाज, आणि 'अरव' म्हणजे बिनआवाजी. बहुधा 'अ' ला एक काना जास्त पडला आणि मौनाचा आक्रोश झाला. बँकेत एक शून्य जास्त पडले तर मेमो मिळतो. इथे त्या एका कान्यावर आजच्या बालवाड्यांतली पोरे 'शांत' म्हणून मिरवत आहेत, आणि बालवाडीच्या बाई बिचाऱ्या कोशाची बाजू रोज अनुभवत आहेत.

पुण्याच्या डेक्कन कॉलेजात संस्कृतचा सर्वांत मोठा कोश होतो आहे असे ऐकून होतो. म्हटले, शेवटचा निवाडा तिथला घ्यावा. ते काम १९४८ साली सुरू झाले, पहिला खंड १९७६ साली निघाला, आणि पुढे कित्येक दशके खंडामागून खंड निघाले ते 'अ' ह्या एका अक्षराचेच. 'आरव' हा 'आ' मधला. निवाडा येईपर्यंत आमचा पुतण्या पेन्शनीत निघायचा. मी आपट्यांवरच भागवले.

पुढची पोस्टिंगे भराभर झाली. 'तन्वी' म्हणजे सडपातळ. (मुलगी झाली तर म्हणून आधीच लिहून ठेवलेली काही नावे यादीत तशीच राहिली होती.) 'तनया' म्हणजे मुलगी. अर्थ अगदी बरोबर, पण मुलीचे नाव 'मुलगी' ठेवणे म्हणजे खातेदाराच्या नावाच्या जागी 'खातेदार' लिहिणे. 'मृणाल' ला पुस्तकाने कमळ करून टाकले होते. कोशात तो कमळाचा देठ, त्यातला तंतू. 'अंगद' म्हणजे दंडातले कडे, 'केयूर' म्हणजे बाजूबंद, 'मेखला' म्हणजे कमरपट्टा, 'नूपुर' म्हणजे पैंजण. ही चार भावंडे एका घरात असतील तर आमची बँक त्यांच्यावर डोळे झाकून सोनेतारण कर्ज देईल. 'निर्वाण' ला पुस्तकाने 'परमानंद' म्हटले होते. शब्दाचा मूळ अर्थ 'विझणे' – दिवा विझतो तसे. ज्या घरात नुकता कुलदीपक लागला आहे तिथे हे नाव सुचवायला धैर्य लागते.

'मायरा – संस्कृत – प्रिय' ह्या नोंदीने माझा अख्खा शनिवार खाल्ला. आपट्यांत ती मला सापडली नाही. सापडली ती राजस्थानात. तिथे भाच्यांच्या लग्नात मामा जो आहेर घेऊन येतो त्याला मायरा म्हणतात, आणि नरसी मेहताच्या वतीने प्रत्यक्ष कृष्णाने नानीबाईचा मायरा भरला ही गोष्ट तिकडे रात्ररात्र गातात. दुसरी मायरा निघाली इंग्लंडात. सोळाव्या शतकात फुल्क ग्रेव्हिल नावाच्या कवीने आपल्या कवितेतल्या बाईसाठी हे नाव वापरले आणि तिथून ते चालू झाले. म्हणजे एकीकडे मामाचा आहेर, दुसरीकडे कवीची कल्पना. 'कियारा' चेही तसेच. आयर्लंडच्या जुन्या भाषेतून आलेल्या कियाराचा अर्थ काळी-सावळी, इटलीच्या कियाराचा अर्थ उजळ. लग्न जमवताना दोन्ही पक्षांना सोयीचे. 'रेयांश' चे म्हणाल तर पुस्तकाने 'प्रकाशकिरणाचा अंश' असा अर्थ दिला होता. अंश संस्कृत आहे, पण किरणाला 'रे' म्हणायचे तर शेक्सपिअरच्या गावाहून माणूस आणावा लागेल. ही नोंद मी सस्पेन्स अकाउंटला टाकली.

काही नावांचा हिशेब चोख लागला, तेही सांगतो. 'अनन्या' बरोबर. 'विहान' म्हणजे सकाळ – हिंदी मुलखात आजही सकाळीला 'बिहान' म्हणतात. आणि 'सई' तर आपल्या घरचीच : सखीची प्राकृतात सही झाली, मराठीत सई झाली. पुस्तकाने तिला 'मैत्रीण' म्हटले होते. मी तांबड्या शाईने बरोबरची खूण केली आणि मला उगीच भरून आले.

दुसऱ्या शनिवारपर्यंत मला ह्या कामाची चटक लागली होती. यादी संपली तरी मी वाचनालयातून उठेना. आपल्या पूर्वजांनी नावे ठेवण्याचे काय नियम केले होते ते पाहावे म्हणून गृह्यसूत्रे काढली. आणि तुम्हाला सांगतो, आमच्या हेड ऑफिसची परिपत्रके त्यापुढे काहीच नाहीत. पारस्कर म्हणतो, मुलाचे नाव दोन किंवा चार अक्षरी असावे. सुरुवात घोष वर्णाने, म्हणजे ग, ज, द, ब अशा घुमणाऱ्या अक्षराने व्हावी. मध्ये य, र, ल, व ह्यांपैकी एखादा असावा. आणि नाव कृदन्त असावे, तद्धित नसावे. मुलीचे नाव विषम अक्षरांचे आणि आकारान्त. 'आरव' तीन अक्षरी – अर्ज नामंजूर. 'कियान' 'क' ने सुरू – नामंजूर. पण मग लक्षात आले की ह्या नियमाने 'कृष्ण' आणि 'कर्ण' ह्यांचेही अर्ज परत आले असते. दोघांनीही परिपत्रक न वाचता जग गाजवले.

इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला पतंजली तर महाभाष्याच्या आरंभीच हा विषय काढतो. व्याकरण शिकून काय करायचे, असे मुले तेव्हाही विचारीत असावीत. त्याने दिलेल्या कारणांत एक कारण हे आहे की उद्या मुलगा झाला तर त्याचे नाव नियमाप्रमाणे ठेवायला कृत् कोणते नि तद्धित कोणते हे नको का कळायला? मला हे फार आवडले. पतंजलीने आणखी दोन अटी घातल्या आहेत. नाव शत्रूच्या घरात चालू असलेले नसावे. आणि त्यात नाव ठेवणाऱ्या बापाच्या मागच्या तीन पिढ्यांची आठवण असावी. ही तीन पिढ्यांची अट मी वहीत उतरवून घेतली. तेव्हा ती पुढे कुठे लागेल हे ठाऊक नव्हते.

मनुस्मृतीशी आल्यावर मात्र माझे हसू हळूहळू मावळले. सुरुवात गमतीची होती. नक्षत्राचे, झाडाचे, नदीचे, डोंगराचे, पक्ष्याचे नाव असलेल्या मुलीशी लग्न करू नये, असे तिसऱ्या अध्यायात आहे. माझ्या आईचे नाव गोदावरी, दोन मावश्या यमुना आणि रोहिणी. वडिलांनी मनुस्मृती वाचली नाही म्हणून मी आहे. पण दुसऱ्या अध्यायात असे आहे की ब्राह्मणाचे नाव मंगल असावे, क्षत्रियाचे बळाचे, वैश्याचे धनाचे, आणि शूद्राचे जुगुप्सित. जुगुप्सित म्हणजे किळस यावी असे. हा शब्द मात्र कुठल्याही कोशात पाहा, अर्थात फरक निघत नाही.

जन्मल्याबरोबर माणसाची पायरी नावानेच ठरवून टाकायची, असा तो हिशेब. म्हणूनच १९५६ नंतर, बाबासाहेबांबरोबर ज्यांनी धम्म स्वीकारला त्यांच्या घरांतली नावे मी लक्ष देऊन वाचली. गौतम, राहुल, आनंद, सुजाता, प्रज्ञा, मिलिंद. नाव आपण निवडायचे, हाच त्यातला मोठा अर्थ. 'मिलिंद' पाहा. पुस्तक म्हणते भुंगा, कोशही म्हणतो भुंगा, खूण बरोबरची. पण बाबासाहेबांनी १९५० साली औरंगाबादेत कॉलेज काढले आणि पुढे त्याला मिलिंद महाविद्यालय हे नाव दिले, ते काही भुंग्याचे नव्हे. मिलिंद म्हणजे मिनँडर, पंजाबकडचा ग्रीक राजा. नागसेन भिक्षूला त्याने प्रश्नांमागून प्रश्न विचारले आणि उत्तरे पटल्यावर तसे मोकळेपणी कबूल केले. कोशातला अर्थ खरा, आणि माणसाने मनात धरलेला अर्थ त्याहून खरा.

हे एकदा ध्यानात आल्यावर माझा चौथा रकाना डळमळायला लागला. 'समीर' संस्कृतात वारा, आणि अरबीत रात्री गप्पांना सोबत करणारा दोस्त, दोन्ही बरोबर. तुम्ही कुठल्या घरात जन्मलात त्यावर खाते ठरते. 'सचिन' च्या खाली पुस्तकात 'शुद्ध, सत्' असे काहीबाही होते. बंगालीत ते शचीन आहे, शचीन्द्राचे छोटे रूप. शचीचा नवरा म्हणजे इंद्र. पण आमच्या वांद्र्याच्या सचिनचे नाव त्याच्या कवी वडिलांनी इंद्रावरून ठेवले नाही, सचिन देव बर्मन ह्यांच्यावरून ठेवले. आणि आता ज्या घरात सचिन आहे तिथे विचारा : ना इंद्र, ना बर्मनदा.

माझे स्वतःचे नाव रोहन. पुस्तकात 'रोहन – संस्कृत – वर चढणारा'. कोशात आहे तो रोहण, बाणातल्या 'ण' चा. वीस वर्षांत एकदाही वर न चढलेल्या कारकुनाने त्या 'ण' वरून कुणाशी भांडायचे? पण खरी नोंद निराळी आहे. रोहन कन्हाय १९३५ साली ब्रिटिश गयानात जन्मला. १८३८ पासून आपली माणसे करारावर तिकडे उसाच्या मळ्यांत नेली गेली. हा त्यांच्यापैकीच एका घरातला. त्याने १९५८-५९ च्या दौऱ्यात कलकत्त्याला २५६ धावा ठोकल्या. पुढे सुनील गावस्कर त्याच्यावर इतके लुब्ध झाले की १९७६ साली झालेल्या मुलाचे नाव त्यांनी रोहन ठेवले, आणि गावस्करांवर लुब्ध असलेल्या माझ्या वडिलांनी चार वर्षांनी तेच माझे ठेवले. म्हणजे शब्द इथून बोटीत बसून गेला, मळ्यात राबला, फलंदाजी शिकून परत आला आणि आमच्या पाळण्यात पडला. एवढा प्रवास साठ रुपयांत कोण सांगणार?

त्या रात्री जेवताना मी माझा अहवाल वाचला. भावजय हिरमुसली. भाऊ म्हणाला, "म्हणजे आरव रद्द?" तेवढ्यात वडिलांनी ताटावरून मान न उचलता विचारले,

"दगडूचा अर्थ काय दिलाय रे पुस्तकात?"

दगडू हे आमच्या आजोबांचे नाव. वडिलांनी आयुष्यभर सहीत त्याचा 'डी.' केला. पासबुकात डी., रेशनकार्डावर डी. पेन्शनच्या कागदांत कुठे 'डी.' आणि कुठे 'दगडू' आले म्हणून एका कार्यालयाने त्यांना सात महिने फिरवले, तरी त्यांनी डी. सोडला नाही. मी पुस्तक चाळले. 'दक्ष' नंतर एकदम 'दर्शन'.

"नाहीये," मी म्हणालो.

"नसणारच. मी सांगतो, लिही. माझ्या आज्जीची तीन पोरं गेली होती. एकही पाचवी ओलांडून पुढं गेलं नाही. चौथं झालं तेव्हा शेजारणीच्या ओटीत टाकलं, मूठभर जोंधळे देऊन परत विकत घेतलं, आणि नाव ठेवलं दगडू. म्हणजे सटवाईला वाटावं, हे पोर नव्हेच, दगड आहे. कशाला न्यायचं? एक्याऐंशी वर्षं जगला."

कुणी बोलले नाही. माझ्या डोळ्यांपुढून आमच्या लेजरातली सगळी जुनी नावे सरकत गेली. केरावर टाकून उचललेला केरबा, भीक मागून वाढवलेला भिकाजी, नाक टोचलेला नथू, कचरू, धोंडू. पुण्याच्या दगडूशेठचा गणपती जगाला ठाऊक. १८५८ साली जन्मलेले आणि शंभराव्या वर्षी भारतरत्न झालेले कर्वे, तेही धोंडोच. मनूने जे नाव तुच्छतेने ठेवायला सांगितले, तसलेच नाव आयांनी मायेने ठेवले होते, आणि नुसते वाचून कोणते कुठले हे मला सांगता येत नव्हते. ते ठेवणाऱ्यालाच ठाऊक.

आणि त्याच वेळी मला ती मुलगी आठवली. मागच्या वर्षी काउंटरवर आली होती. जुन्या पासबुकात 'नकुसा', आधारकार्डावर दुसरे छान नाव. सातारा जिल्ह्यात, मुलगा हवा असताना मुलगी झाली म्हणून 'नकोशी' नाव पडलेल्या दोनशे ऐंशीहून अधिक मुलींची नावे ऑक्टोबर २०११ मध्ये समारंभाने बदलली, त्यांतली ती एक. मी नियमाप्रमाणे राजपत्राची प्रत मागितली. इथवर ठीक होते. पण सवयीने, रांगेला ऐकू जाईल अशा आवाजात मी विचारले होते, "ह्यातल्या नक्की कोण तुम्ही?"

ती म्हणाली होती, "दोन्ही मीच, साहेब. पहिलं मी ठेवलं नव्हतं."

त्या नावाचा अर्थ तपासायला कोश लागत नाही. त्यात कान्या-मात्रेचीही चूक नाही. आणि तरीही माझ्या वीस वर्षांच्या नोकरीत इतकी चुकीची नोंद मी दुसरी पाहिली नाही.

बारसे सव्वा महिन्यांनी झाले. नाव आरवच ठरले. भावजय म्हणाली, आवाज तर आवाज, ऐकू तरी येईल. आत्याने रीतीप्रमाणे कानात नाव सांगितले, पाठीवर धपाधप बुक्के खाल्ले. बायका घुगऱ्यांकडे वळल्या तेव्हा वडील हळूच उठले, पाळण्याशी वाकले आणि बाळाच्या दुसऱ्या कानात काहीतरी म्हणाले. काय म्हणाले ते मी विचारले नाही. पतंजलीची तीन पिढ्यांची अट मात्र मला आठवली.

बाळाने क्षणभर आजोबांकडे पाहिले, आणि मग असा काही सूर लावला की घुगऱ्या वाटणारी आमची आई पळत आली.

मी वही काढली. 'आरव' च्या पुढे तिसऱ्या रकान्यात लिहिलेच होते : ओरड, आक्रोश. चौथ्या रकान्यात लिहिले – फरक : निरंक.